कर्कॉडीची सही: डेव्हिड गुडविली प्रकरणाचा अभ्यास

३१ जानेवारी २०२२, सोमवार. ब्रिटनमधल्या फुटबॉल क्लबांसाठी हिवाळी ट्रान्सफर विंडोचा, म्हणजे खेळाडू घेण्या-देण्याच्या मुदतीचा, शेवटचा दिवस. मध्यरात्रीपर्यंत ज्या कागदांवर सह्या झाल्या त्या झाल्या, बाकीचं सगळं उन्हाळ्यावर जातं. स्कॉटलंडच्या पूर्व किनाऱ्यावर कर्कॉडी नावाचं गाव आहे (लिहिताना त्यात 'ल' येतो, गावकरी तो उच्चारत नाहीत). तिथल्या रेथ रोव्हर्स क्लबने त्या दिवशी बत्तीस वर्षांच्या एका स्ट्रायकरशी अडीच वर्षांचा करार केला. त्याचं नाव डेव्हिड गुडविली.

फुटबॉलच्या हिशेबाने व्यवहार सरळ होता. रेथ रोव्हर्स दुसऱ्या पातळीवरच्या चॅम्पियनशिपमध्ये होता आणि त्याला वर जायचं होतं. त्यासाठी गोल करणारा माणूस हवा होता. गुडविली त्याच्या खालच्या विभागात क्लाइडकडून वर्षानुवर्षं गोल करत होता. शिवाय तो क्लबला नवखाही नव्हता, २००८ मध्ये तो लोनवर, म्हणजे आपल्या क्लबकडून काही काळापुरता उसना, इथे खेळून गेला होता.

गुरुवारी, म्हणजे सहीनंतर तिसऱ्या दिवशी, क्लबच्या अध्यक्षांनी जाहीर माफी मागितली. आपला निर्णय चुकला आणि गुडविली क्लबकडून खेळणार नाही, असं त्यांनी सांगितलं. तोवर क्लबच्या मुख्य प्रायोजक निघून गेल्या होत्या, महिला संघाची कर्णधार बाहेर पडली होती आणि संचालक मंडळातूनही राजीनामे आले होते.

गावातल्या क्लबची ही तीन दिवसांची गडबड मला अभ्यासायला घ्यावीशी वाटली, कारण तिच्यामागे अकरा वर्षांचा इतिहास आहे. त्या अकरा वर्षांत फौजदारी यंत्रणा, दिवाणी न्यायालय, फुटबॉलची संघटना, चार-पाच क्लब आणि एक नगरपालिका यांच्यापुढे एकच प्रश्न आला: न्यायालयाने एखाद्या माणसाने बलात्कार केला असं ठरवलं, पण त्याला शिक्षा झालेली नाही, तर त्या निकालाचं पुढे करायचं काय?

गोल करणारा मुलगा

गुडविलीचा जन्म मार्च १९८९ चा, स्टर्लिंगचा. डंडी युनायटेडच्या युवा संघातून तो वर आला आणि सोळाव्या वर्षीच मुख्य संघातून खेळला. १५ मे २०१० रोजी हॅम्पडन पार्कवर डंडी युनायटेडने रॉस काउंटीला ३-० असं हरवून स्कॉटिश कप जिंकला. क्लबच्या इतिहासातला तो दुसराच स्कॉटिश कप. त्या अंतिम सामन्यातला पहिला गोल गुडविलीचा होता. गोलरक्षक पुढे आलेला पाहून त्याने लांबूनच त्याच्या डोक्यावरून चेंडू अलगद जाळ्यात सोडला होता. एकवीस वर्षांच्या पोराकडे तेवढा थंडपणा सहसा नसतो.

त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये तो स्कॉटलंडच्या राष्ट्रीय संघातून पहिल्यांदा खेळला. २०११ मध्ये खेळाडूंच्या संघटनेने त्याला वर्षाचा सर्वोत्तम तरुण खेळाडू म्हणून निवडलं. ऑगस्ट २०११ मध्ये ब्लॅकबर्न रोव्हर्सने सुमारे २० लाख पौंड मोजून त्याला इंग्लंडच्या प्रीमियर लीगमध्ये नेलं. या ब्लॅकबर्नची मालकी नोव्हेंबर २०१० पासून पुण्याच्या वेंकीजकडे आहे, त्यामुळे पुण्यात तेव्हा ब्लॅकबर्नच्या सामन्यांकडे जरा जास्त लक्ष असायचं. नवा स्कॉटिश स्ट्रायकर आला, एवढंच त्या वेळी आपल्याकडे पोचलं. ऑक्टोबरमध्ये आलिकान्तेला स्पेनविरुद्ध त्याने पेनल्टीवर गोल केला. राष्ट्रीय संघासाठी तो त्याचा एकमेव गोल, आणि राष्ट्रीय सामने सगळे मिळून तीन.

नंतरची उतरण भरभर सांगता येते. ब्लॅकबर्न २०१२ मध्ये खाली घसरला. गुडविली क्रिस्टल पॅलेस, पुन्हा डंडी युनायटेड आणि ब्लॅकपूल असा लोनवर फिरला. २०१४ मध्ये ॲबर्डीनला आला, तिथून काही काळ रॉस काउंटीला गेला आणि २०१६ मध्ये इंग्लंडच्या नैर्ऋत्य टोकाच्या प्लिमथ अर्गाइलला पोचला. चांगला खेळाडू होता, पण अपेक्षा होती तेवढा झाला नाही. असे खेळाडू प्रत्येक देशात असतात, आणि प्रकरण एवढंच असतं तर त्याच्यावर कुणी लिहिलं नसतं.

जानेवारी २०११

वर दिलेल्या तारखांमध्ये एक तारीख मी मुद्दाम गाळली होती. जानेवारी २०११ च्या सुरुवातीला, नववर्षाच्या सुट्टीत, वेस्ट लोदियनमधल्या बाथगेट गावच्या नाइटक्लबमध्ये एक तरुणी मैत्रिणींबरोबर गेली होती. तिथे गुडविली आणि त्याच्या क्लबमधला आणखी एक खेळाडू होता. त्या रात्रीचा पुढचा भाग तिला आठवत नव्हता. दुसऱ्या दिवशी जवळच्या आर्माडेल गावातल्या एका अनोळखी फ्लॅटमध्ये ती जागी झाली. तिने पोलिसांत तक्रार केली. गुडविलीवर बलात्काराचा आरोप ठेवला गेला.

२०११ च्या उन्हाळ्यात क्राउन ऑफिसने, म्हणजे स्कॉटलंडच्या सरकारी अभियोग कार्यालयाने, पुरेसा पुरावा नसल्याचं सांगून खटला चालवायचा नाही असं ठरवलं. त्यानंतर थोड्याच दिवसांत ब्लॅकबर्नचा करार झाला. वरच्या परिच्छेदात सरळ दिसणारी ती चढण या घटनांच्या मधून गेलेली आहे. कपचा गोल आधीचा, सर्वोत्तम तरुण खेळाडूचा मान आणि प्रीमियर लीगचा करार नंतरचे.

त्या स्त्रीचं नाव मी इथे लिहीत नाही. तिने स्वतः पुढे येऊन नाव जाहीर केलं होतं, तो तिचा धीर होता. पण ते नाव प्रत्येक लेखातून पुन्हा छापलं जावं असं मला वाटत नाही.

दोन मापं

इथे थोडं थांबावं लागेल, कारण पुढचा सगळा गोंधळ याच जागी जन्मला. खटला झाला नाही याचा अर्थ लोकांनी 'निर्दोष ठरला' असा लावला. तसं झालेलं नव्हतं. खटलाच उभा राहिला नाही, तर दोषी की निर्दोष हा निकाल येणार कुठून?

स्कॉटलंडचा फौजदारी कायदा इंग्लंडपेक्षा वेगळा आहे. तिथे दुजोऱ्याचा नियम आहे: गुन्ह्यातली प्रत्येक आवश्यक बाब दोन स्वतंत्र आधारांनी सिद्ध व्हावी लागते. एका साक्षीदाराचा शब्द कितीही खरा वाटला तरी त्याच्यावर कुणाला शिक्षा होत नाही. नियम जुना आहे आणि त्याचा हेतू चांगला आहे. एका माणसाच्या खोटेपणामुळे किंवा चुकीमुळे दुसऱ्याचं आयुष्य उद्ध्वस्त होऊ नये, हा तो हेतू. पण बलात्कार बंद दाराआड होतो. शरीरसंबंध झाला हे आरोपी मान्य करतो आणि 'तिची संमती होती' एवढंच म्हणतो, तेव्हा दुसरा आधार आणायचा कुठून? न्यायाधीश लॉर्ड कार्लोवे यांनी २०११ मध्ये हा नियम रद्द करण्याची शिफारस केली. सरकारने तसा प्रयत्न केला, पण विरोध इतका झाला की २०१५ मध्ये तो सोडून द्यावा लागला. मग २०२३ च्या ऑक्टोबरमध्ये सात न्यायाधीशांच्या खंडपीठाने नियम तसाच ठेवून त्याचा अर्थ रुंद केला. घटनेनंतर लगेच त्या व्यक्तीची जी भेदरलेली अवस्था इतरांनी पाहिली, ती दुजोरा म्हणून पूर्वीपेक्षा बरंच काही सिद्ध करू शकते, असं त्यांनी सांगितलं. ते २०२३ मध्ये झालं. आपलं प्रकरण २०११ चं आहे.

दिवाणी दाव्याचं माप वेगळं असतं. आपल्याकडे जमिनीच्या वादासाठी वकिलाच्या पायऱ्या झिजवलेल्या माणसालाही हे ठाऊक असतं की फौजदारीत संशयापलीकडे सिद्ध करावं लागतं, तर दिवाणीत पारडं कुणीकडे झुकतं ते पाहिलं जातं. स्कॉटलंडमध्ये यात आणखी एक फरक आहे. १९८८ च्या दिवाणी पुरावा कायद्याने तिथल्या दिवाणी दाव्यांतून दुजोऱ्याचा नियम काढून टाकला. म्हणजे जो दरवाजा फौजदारी बाजूने बंद होता तो दिवाणी बाजूने तेवीस वर्षं उघडा होता. बलात्काराच्या बाबतीत त्याच्यातून आत जायचं कुणाच्या फारसं मनातच आलं नव्हतं.

ती स्त्री त्या दरवाजातून आत गेली. तिने दोन्ही खेळाडूंवर नुकसानभरपाईचा दावा लावला. एडिनबरोच्या कोर्ट ऑफ सेशनमध्ये लॉर्ड आर्मस्ट्राँग यांच्यासमोर, ज्यूरीशिवाय, पुरावा झाला. संबंध संमतीने झाला, असं दोघांचं म्हणणं होतं. तेव्हा प्रश्न एवढाच उरला की त्या रात्री संमती देण्याच्या अवस्थेत ती होती का. नाइटक्लबच्या दारावरच्या सुरक्षा कर्मचाऱ्याची साक्ष झाली. तिच्या शरीरात किती मद्य असेल याचा अंदाज तज्ज्ञांनी सांगितला. योगायोग असा की लैंगिक गुन्ह्यांविषयीचा स्कॉटलंडचा नवा कायदा घटनेच्या जेमतेम महिनाभर आधी, १ डिसेंबर २०१० पासून अमलात आला होता. संमती म्हणजे मोकळेपणाने दिलेला होकार, आणि मद्यामुळे होकार देण्याची क्षमताच गेली असेल तर तो होकार नव्हे, हे त्या कायद्यात स्पष्ट शब्दांत लिहिलेलं आहे.

१७ जानेवारी २०१७ रोजी निकाल आला. ती स्त्री संमती देऊ शकेल अशा अवस्थेत नव्हती आणि दोघांनीही तिच्यावर बलात्कार केला, असं न्यायालयाने ठरवलं. भरपाई एक लाख पौंड. स्कॉटलंडमधला हा अशा प्रकारचा पहिला दावा मानला गेला. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये अपीलही फेटाळलं गेलं.

या निकालाने मागे वाट सोडली. २०१८ मध्ये सेंट अँड्रूजच्या एका विद्यार्थिनीने अशाच दाव्यात ८० हजार पौंडांची भरपाई मिळवली. तिच्या फौजदारी खटल्यात ज्यूरीने 'सिद्ध नाही' हा स्कॉटलंडचा खास तिसरा निकाल दिला होता. तो तिसरा निकाल रद्द करणारा कायदा स्कॉटिश संसदेने २०२५ मध्ये संमत केला.

पण दिवाणी निकालाच्या हातात फक्त पैसा असतो. तुरुंग नाही, लैंगिक गुन्हेगारांच्या नोंदवहीत नाव नाही, व्यवसायावर बंदी नाही. न्यायाधीशाने जे घडलं ते नेमक्या शब्दांत लिहून ठेवलं. त्या शब्दांचं पुढे काय करायचं, हे ठरवण्याचं काम न्यायालयाबाहेरच्या लोकांवर आलं.

क्लाइडची पाच वर्षं

निकालानंतर काही दिवसांतच प्लिमथशी त्याचा करार परस्परसंमतीने संपला. मार्चमध्ये, म्हणजे निकालाला दोन महिनेही झाले नव्हते तेव्हा, क्लाइडने त्याला घेतलं.

क्लाइड तेव्हा स्कॉटलंडच्या चौथ्या पातळीवर होता. या पातळीवरचे खेळाडू दिवसा दुसरी नोकरी करतात आणि आठवड्यातल्या दोन संध्याकाळी सरावाला येतात. मैदान कंबरनॉल्डचं ब्रॉडवुड, प्रेक्षक काही शे. इथे राष्ट्रीय संघातून खेळलेला, स्कॉटिश कपच्या अंतिम सामन्यात गोल केलेला स्ट्रायकर उतरला तर काय होणार हे उघड होतं. त्याने गोल करायला सुरुवात केली आणि थांबलाच नाही. तो कर्णधार झाला. २०१९ मध्ये क्लाइड प्लेऑफ जिंकून वरच्या विभागात गेला. क्लबसाठी त्याचे शंभराहून अधिक गोल झाले.

सुरुवातीला टीका झाली, पत्रंही लिहिली गेली असतील. पण दर शनिवारी सामना होतो, गोल पडतो आणि सोमवारच्या पेपरात नाव येतं. हळूहळू ते नाव फक्त गोल करणाऱ्याचं नाव होऊन जातं. स्कॉटिश फुटबॉलमध्ये क्लबचा पदाधिकारी योग्य माणूस आहे की नाही हे पाहण्याची तरतूद आहे, पण खेळाडूच्या नोंदणीला अशा दिवाणी निकालाची आडकाठी आली नाही. नियमात बसत होतं, म्हणून कुणी अडवलं नाही.

या पाच वर्षांकडे मला सगळ्यात जास्त लक्ष द्यावंसं वाटतं. रेथ रोव्हर्सच्या तीन दिवसांवर भरपूर लिहिलं गेलं, क्लाइडच्या पाच वर्षांवर तेवढं नाही. एखादा निकाल लागतो, तो खरा असतो, अपिलातही टिकतो आणि तरी पाच वर्षं कपाटात पडून राहतो, कारण तो बाहेर काढण्याची जबाबदारी नेमकी कुणाचीच नसते. संघटना म्हणते, क्लबचा प्रश्न. क्लब म्हणतो, फौजदारी शिक्षा कुठे झाली आहे? सरकार म्हणतं, फुटबॉलचा प्रश्न. आणि ती स्त्री त्याच देशात राहत असते, जिथे दर आठवड्याला निकालाच्या पट्टीत ते नाव येतं.

तीन दिवस

मग कर्कॉडीत वेगळं काय झालं?

कर्कॉडी हे काही मोठं शहर नव्हे. अर्थशास्त्रज्ञ ॲडम स्मिथचं जन्मगाव, एके काळी लिनोलियमच्या कारखान्यांसाठी प्रसिद्ध. माजी पंतप्रधान गॉर्डन ब्राउन इथेच लहानाचे मोठे झाले, आणि ते रेथ रोव्हर्सचे जन्माचे समर्थक. स्टार्क्स पार्क हे मैदान घरांच्या आणि रेल्वेमार्गाच्या मध्ये दाटीवाटीने बसलेलं आहे. १९९४ मध्ये या छोट्या क्लबने लीग कपच्या अंतिम सामन्यात सेल्टिकला पेनल्टीवर हरवलं होतं, ती आठवण गावात अजून ताजी आहे.

मैदानातल्या एका स्टँडला मॅकडर्मिड हे नाव होतं. गुन्हेकथा लिहिणाऱ्या व्हॅल मॅकडर्मिड याच गावच्या. त्यांचे वडील रेथसाठी होतकरू मुलं हेरायचे, आणि पुढे स्कॉटलंडचा लाडका फुटबॉलपटू झालेला जिम बॅक्स्टर त्यांनीच हेरला होता. म्हणजे या घरात क्लब पिढीजात होता. खेळाडूंच्या शर्टावर प्रायोजक म्हणून याच लेखिकेचं नाव असायचं. आता तो शर्ट डोळ्यांपुढे आणा. छातीवर एका स्त्रीचं नाव, आणि तो घालून मैदानात उतरणार तो माणूस, ज्याने एका स्त्रीवर बलात्कार केल्याचं न्यायालयाने ठरवलं आहे.

मॅकडर्मिड यांनी मंगळवारी जाहीर केलं की आपण प्रायोजकत्व काढून घेत आहोत आणि क्लबशी असलेलं जन्माचं नातं संपलं. महिला संघाच्या कर्णधाराने, जी सुमारे दहा वर्षं या क्लबसाठी खेळली होती, तिथेच राम राम ठोकला. स्वयंसेवक आणि कर्मचारी सोडून गेले, संचालक मंडळातून राजीनामे आले. क्लबने त्या दिवशी काढलेल्या निवेदनाचा सूर असा होता की हा मुख्यतः फुटबॉलचा निर्णय आहे. त्या एका निवेदनाने आगीत तेल ओतलं, असं मला वाटतं. करार एक वेळ चूक म्हणून खपला असता. पण विचार करून, वेळ घेऊन, कागदावर लिहून क्लब सांगत होता की आम्ही हे सगळं पाहिलं आणि गोल जास्त मोलाचे ठरले. स्कॉटलंडच्या सरकारच्या तेव्हाच्या प्रमुख, प्रथम मंत्री निकोला स्टर्जन यांनी टीका केली, गॉर्डन ब्राउन यांनीही केली.

महिला आणि मुलींच्या संघाने रेथ रोव्हर्सशी संबंध तोडला आणि मॅकडर्मिड लेडीज हे नवं नाव घेतलं. आपल्याकडे गावच्या संघातून खेळलेल्या कुणालाही विचारा, संघाचं नाव सोडणं म्हणजे काय असतं. या मुली पगारी खेळाडू नव्हत्या. त्यांच्याकडे क्लबचं नाव आणि रंग एवढंच होतं, आणि तेच त्यांनी खाली ठेवलं.

मला दिसणारा फरक असा: क्लाइडमध्ये आक्षेप बाहेरून आला, रेथमध्ये तो घरातून आला. बाहेरच्या टीकेला क्लब सरावलेले असतात, दोन आठवडे मान खाली घातली की ती ओसरते. पण ज्या माणसांवर क्लब उभा आहे ती उठून गेली की शनिवारचा सामना भरवणंच कठीण होतं. न्यायालयाच्या निकालाला जी ताकद नव्हती ती या बायकांनी आपलं काहीतरी सोडून त्याला दिली. यातला अन्याय मला विसरता येत नाही. ज्याच्याविरुद्ध निकाल होता त्याचा करार टिकून होता, आणि सोडून जाणाऱ्या मात्र त्या होत्या.

पुन्हा ब्रॉडवुड

रेथ रोव्हर्सपुढे आता वेगळाच पेच होता. करार अडीच वर्षांचा, खेळाडूला खेळवायचं नाही, पगार चालू. १ मार्च २०२२ रोजी त्याला उरलेल्या हंगामासाठी लोनवर परत क्लाइडला पाठवलं गेलं. जिथे पाच वर्षं काही झालं नाही तिथे आताही काही होणार नाही, असा हिशेब असावा.

पण फेब्रुवारीनंतरचं स्कॉटलंड आधीचं राहिलं नव्हतं. क्लाइडच्या महिला संघाच्या व्यवस्थापकांनी राजीनामा दिला, पाठोपाठ खेळाडूंनीही संघ सोडला. आणि इथे एक नवा पक्ष पुढे आला, जमीनमालक. ब्रॉडवुडचं मैदान नॉर्थ लॅनर्कशायर कौन्सिलच्या ताब्यातलं. गुडविलीला आपल्या मैदानात पाऊल ठेवू देणार नाही आणि क्लबशी असलेला करार पुढे वाढवणार नाही, असं कौन्सिलने बजावलं. काही दिवसांतच लोन रद्द झाला. त्या उन्हाळ्यात क्लाइडने ब्रॉडवुड सोडलं आणि हॅमिल्टनच्या मैदानावर बस्तान हलवलं.

अभ्यासाच्या दृष्टीने हा भाग मला फार बोलका वाटतो. जे फुटबॉल संघटनेच्या नियमांना जमलं नाही ते भाडेकराराने केलं. सार्वजनिक पैशातून उभं राहिलेलं मैदान कुणाला वापरू द्यायचं, हे सार्वजनिक संस्थेला ठरवता येतं. तोच अधिकार कौन्सिलकडे २०१७ मध्येही होता. तो वापरायचं तिला सुचलं ते महिला संघ मोडल्यावर.

दुसऱ्या संधीचा प्रश्न

या प्रकरणात गुडविलीच्या बाजूने बोलणारे लोक होते, आणि त्यांचं म्हणणं नीट ऐकायला हवं. त्यांचा पहिला मुद्दा असा की फौजदारी न्यायालयाने त्याला दोषी ठरवलेलं नाही, मग त्याच्या पोटावर पाय का द्यायचा? दुसरा असा की माणसाला सुधारण्याची संधी मिळायला हवी. तिसरा मुद्दा मला सगळ्यात वजनदार वाटतो: जमावाने शिक्षा ठरवायची नाही. आज गर्दी योग्य बाजूला आहे, उद्या असेलच असं नाही.

तिसऱ्या मुद्द्यापासून सुरू करतो. गर्दीने निर्णय करू नये हे मला मान्य आहे. पण इथे निर्णय गर्दीने केलेला नव्हता. न्यायाधीशाने दोन्ही बाजूंचे साक्षीपुरावे ऐकून केला होता, त्यावर अपील झालं होतं आणि ते फेटाळलं गेलं होतं. रेथमधल्या बायका अफवेवर उठल्या नाहीत, न्यायालयाच्या लेखी निकालावर उठल्या. हा फरक मोठा आहे.

सुधारण्याच्या संधीचं म्हणाल तर मी त्या तत्त्वाच्या बाजूने आहे, मनापासून आहे. तुरुंगातून सुटून आलेल्या माणसाला काम मिळालंच पाहिजे. पण दुसरी संधी हा शब्द पहिल्याचा हिशेब झाल्यावरचा आहे. इथे शिक्षा झालेली नव्हती, आणि गुडविलीने चूक कबूलही केलेली नव्हती. संबंध संमतीनेच होता, या म्हणण्यावर तो ठाम राहिला. तसं म्हणण्याचा त्याला हक्क आहे. पण मग सुधारणेची भाषा त्याच्यासाठी कशी वापरायची? जे झालंच नाही असं तो म्हणतो त्यातून तो सुधारणार कसा?

पोटाचं विचाराल तर काम करण्याचा हक्क आणि व्यावसायिक फुटबॉल खेळण्याचा मान या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. गोल झाला की अख्खा स्टँड उभा राहून नाव घेतो, लहान मुलं पाठीवर त्याचं नाव असलेला शर्ट मागतात, कर्णधाराच्या दंडावर पट्टी असते. क्लब खेळाडूला पगाराबरोबर हेही देतो. हे सगळं देण्याआधी क्लबने विचार करावा, अशी अपेक्षा ठेवणं म्हणजे कुणाच्या ताटातली भाकरी ओढणं नव्हे.

बचावाच्या बाजूचा एक मुद्दा मात्र मी खोडू शकत नाही. इतका गंभीर आरोप दिवाणी मापाने तोलला गेला आणि त्याचे परिणाम फौजदारी शिक्षेसारखे झाले, ही अडचण खरी आहे. यावरचा उपाय मला दिवाणी दावे बंद करण्यात दिसत नाही. फौजदारी यंत्रणेने २०११ मध्येच हे प्रकरण ज्यूरीपुढे नेलं असतं तर दोघांनाही, तिला आणि त्यालाही, एक पूर्ण उत्तर मिळालं असतं.

नंतर

रेथ रोव्हर्सने त्या हंगामात पाचवं स्थान मिळवलं, म्हणजे वर जाणं हुकलं. पण एप्रिल २०२२ मध्ये खालच्या विभागांसाठीचा चॅलेंज कप त्यांनी जिंकला, गुडविलीशिवाय. सप्टेंबरमध्ये त्याचा करार संपवण्यात आला. तोवर तो क्लबसाठी एक मिनिटही खेळला नव्हता.

फेब्रुवारी २०२३ मध्ये मँचेस्टरजवळच्या रॅडक्लिफ या इंग्लंडच्या सातव्या पातळीवरच्या क्लबने त्याला घेतलं. मंगळवारी संध्याकाळी पहिलाच सामना होता. चौतिसाव्या वर्षात असलेल्या त्या स्ट्रायकरने त्या एका सामन्यात तीन गोल केले. पाय अजून चालत होते, गोलसमोरचा थंडपणाही तोच होता. दुसऱ्या दिवशी क्लबने जाहीर केलं की तो यापुढे आपल्याकडून खेळणार नाही.